एका नगाचा खर्च किती?

चिरंजीवास अनेक उत्तम आशीर्वाद.

उत्पादन खर्चाचा तू पाठवलेला तक्ता बारकाईने पाहिला. बेरजा बिनचूक आहेत. परंतु शेवटच्या ओळीत ‘एका नगाचा खर्च १००’ एवढेच लिहून तू थांबलास, आणि मला लिहायचे आहे ते त्या आकड्याविषयीच.

त्या १०० पैकी ४० हा कच्चा माल व नगावारी मजुरीचा बदलता खर्च आहे. नग केला तरच तो होतो. उरलेले ६० हे कारखान्याचे भाडे, यंत्रांचा घसारा, देखरेख करणाऱ्यांचे पगार अशा ६,००,००० च्या स्थिर खर्चाला १०,००० नगांनी भागून आलेले आहेत. इंग्लंडमधील कुंभारकामाचे कारखानदार जोसाया वेजवुड यांनी १७७२ च्या मंदीत आपल्या मालाचा खर्च तपासला, तेव्हा त्यांनाही हेच आढळले की माल थोडा निघो वा पुष्कळ, काही खर्च जवळपास तेवढेच राहतात.

आता १२० दराने विक्री १०,००० नगांचीच झाली, पण कारखान्याने १५,००० नग काढले असे धर. स्थिर खर्च नगामागे ४० वर येतो, नगाचा खर्च ८० दिसतो आणि ॲब्सॉर्प्शन कॉस्टिंगने, म्हणजे स्थिर खर्चही नगांवर वाटण्याच्या पद्धतीने, नफा २,००,००० चा ४,००,००० होतो. गिऱ्हाईक एकही वाढलेले नसते. वाढीव २,००,००० गोदामातल्या ५,००० नगांच्या मूल्यात जाऊन बसलेले असतात. मार्जिनल कॉस्टिंगने, म्हणजे नगावर फक्त बदलता खर्च धरून व स्थिर खर्च त्याच वर्षी पूर्ण वजा करून मांडलेस, तर नगामागे ८० प्रमाणे ८,००,००० अंशदान (विक्रीतून बदलता खर्च जाता उरणारी रक्कम), त्यातून ६,००,००० वजा जाता नफा २,००,०००च राहतो. उमेदवारीच्या काळात मी असाच फुगलेला नफा अभिमानाने मालकांपुढे ठेवला होता. पुढच्या वर्षी साठा खपवण्यासाठी उत्पादन निम्म्यावर आणावे लागले, आणि साठ्यात दडलेला सगळा स्थिर खर्च त्या वर्षाच्या नफ्यावर येऊन पडला. तो ताळेबंद मी अजून विसरलेलो नाही.

म्हणून ॲब्सॉर्प्शन कॉस्टिंग टाकून द्यावे असे नाही. आंतरराष्ट्रीय लेखामानक २ प्रमाणे साठ्याच्या मूल्यात उत्पादनाचा स्थिर खर्च धरावाच लागतो. तो नेहमीच्या उत्पादनक्षमतेवर वाटायचा असल्यामुळे यंत्रे रिकामी राहिल्याचा भुर्दंड साठ्यावर चढवता येत नाही.

दर ठरवताना मात्र प्रश्न वेगळा असतो. यंत्रे रिकामी असताना कोणी ७० दराने जादा मागणी नोंदवली, तर १०० चा आकडा पाहून तू ती नाकारशील आणि नगामागे ३० चे अंशदान हातचे घालवशील. हाच दर नेहमीचे ग्राहक मागू लागले तर स्थिर खर्च भरून निघणार नाही, हेही तितकेच खरे. त्यामुळे असा निर्णय विक्री विभागाला विचारूनच घ्यावा.

तक्ता पुन्हा मांडताना बदलत्या आणि स्थिर खर्चाचे रकाने वेगळे कर, वाटणी किती नगांवर केली ते प्रत्येक ठिकाणी लिही, आणि लहान लहान खेपांसाठी यंत्र पुन्हा पुन्हा जुळवण्यात किती तास जातात याची नोंद यंत्रचालकांकडून स्वतः घे. ते तास हाती आले की पुढचे पाहू.

तुझा शुभचिंतक