आजीची पत्र्याची पेटी

"आजीने भोगलेलं माझ्यात उतरलंय का? आणि तिला ते विचारणं म्हणजे जखम उकरणं नाही ना?" नातवंडं हे मला वेगवेगळ्या शब्दांत विचारतात. सगळ्यात थेट विचारलं ते इस्रायलहून अलिबागला आलेल्या एका तरुण दिग्दर्शिकेने. (तिच्या परवानगीने लिहितेय, ओळखीच्या खुणा बदलल्यात.)

ती बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या ज्यूंपैकी. आपल्याकडे त्यांना 'शनिवार तेली' म्हणत, कारण शनिवारी त्यांचा घाणा बंद. जहाज फुटून वाचलेले पूर्वज नवगावच्या किनाऱ्याला लागले, अशी त्यांची परंपरा सांगते. तिथेच शूटिंग करताना तिला धाप लागली. त्यानंतर झोप उडाली.

बोलताना तिचा हात सारखा बॅगेतल्या प्लास्टिकच्या फोल्डरवर जात होता. आत पासपोर्ट, तिचा जन्मदाखला, आईचा जन्मदाखला, आजीच्या लग्नाचे कागद, सगळ्याच्या दोन-दोन झेरॉक्स.

"हे रोज बरोबर बाळगतेस?"

"सवय आहे, ताई. आजीपण पेटीत ठेवते. पत्र्याची. उशाशी."

१९६२ मध्ये इस्रायलच्या मुख्य रब्बींनी (ज्यूंच्या प्रमुख धर्मगुरूंनी) आदेश काढला होता: बेने इस्रायलींना बाहेरच्या ज्यूंशी लग्न करायचं असेल, तर आईकडच्या पिढ्या तपासा. लोक जेरुसलेममध्ये रस्त्यावर उतरले, तेव्हा १९६४ मध्ये ते निवळलं. आजीचं लग्न नेमकं त्याच काळातलं. घरात तिने याबद्दल अवाक्षर काढलं नाही. नातीने पाहिली ती फक्त पेटी.

मी तिला सांगितलं, की अशी दुखणी रक्तातून येतात का, याचे माणसांबाबतचे पुरावे अजून कच्चे आहेत. पण ती वागण्यातून येतात, हे मी रोज बघते. आणि मला यात मोठा दिलासा वाटतो. बघून उचललेली सवय सैल करता येते.

रात्री फुटेज बघणं आधी बंद करायला लावलं. (झोप, भूक दोन-तीन आठवडे बिघडलेलीच राहिली तर डॉक्टरांना गाठायचंच.) आजीशी बोलताना कॅमेरा नको, आणि सुरुवात लग्नापासून तर नकोच, तुमचा पोह्यांचा मलिदा कसा करतात ते विचार. ती गप्प झाली तर गप्प बस, 'नको' म्हणाली तर विषय तिथेच सोड. जे कधीकाळी अधिकाऱ्यांनी विचारलं, ते नातीने त्याच सुरात विचारलं तर म्हातारीला पुन्हा चौकशीला बसवल्यासारखंच होईल. फोन ठेवण्याआधी आज काय जेवलीस, एवढं तरी विचार.

पहिल्या फोनवर आजी नुसतं पोहे किती भिजवायचे, खोबरं ओलंच का हवं, गूळ कधी घालायचा, हेच बोलली. तिसऱ्या वेळी आपणहून म्हणाली, "पेटीत काय आहे ते तुला ठाऊक आहे का?"

दोन महिन्यांनी मुलीचा मेसेज आला. आजीने शूटिंगला होकार दिला होता, पण अट घालून: "तोंड दाखवायचं नाही. हात घे. मलिदा कालवताना."