गिटारसाठी रचना करून चरितार्थ चालेल का?

सप्रेम नमस्कार.

आपली कन्या अकरावीत शिकत असून ट्रिनिटी कॉलेज लंडनची क्लासिकल गिटारची सहाव्या ग्रेडची परीक्षा ती उत्तीर्ण झाली आहे आणि आता वादन सोडून केवळ गिटारसाठी रचना करण्याचा तिचा मानस आहे, असे आपण कळवले आहे. एखाद्या स्त्रीने या कामावर चरितार्थ चालवला आहे काय, असेही आपण विचारता. नुसत्या रचनांवर चालवल्याचे उदाहरण मी देऊ शकत नाही. परंतु एकोणिसाव्या शतकातील गिटारवादक, शिक्षिका आणि रचनाकार कॅथरिना प्रॅटन यांचे आयुष्य आपण दोघांनी समजून घ्यावे, असे मला मनापासून वाटते.

त्यांचा जन्म जर्मनीतला. वडील फर्डिनांड पेल्झर हे गिटारचे शिक्षक होते. कुटुंब लंडनला आले आणि तेथे ही मुलगी लहानपणीच बालवादक म्हणून नावारूपाला आली. १८५४ मध्ये बासरीवादक रॉबर्ट सिडनी प्रॅटन यांच्याशी त्यांचा विवाह झाला. १८६८ मध्ये पती निवर्तले. त्यानंतरची सत्तावीस वर्षे, म्हणजे १८९५ मध्ये मृत्यू येईपर्यंत, त्या गिटारच्याच आधारावर उभ्या राहिल्या, आणि तेही अशा काळात की इंग्लंडमधील घराघरांत पियानो आल्यामुळे गिटार मागे पडली होती. राणी व्हिक्टोरियाची कन्या लुईझ त्यांच्याकडे शिकली. पुढे स्वतः रचनाकार झालेले अर्नेस्ट शँड हेही त्यांचेच शिष्य.

त्यांच्या दोनशेहून अधिक रचनांपैकी पुष्कळ रचना शिकवण्याच्या गरजेतून जन्मल्या, ही बाब आपल्या कन्येसाठी मला सर्वांत मोलाची वाटते. नवख्या विद्यार्थ्याचा डावा हात कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे स्वर, धरताना अडखळतो. यावर त्यांनी गिटार ई मेजर या कॉर्डच्या स्वरांत लावण्याची पद्धत हाताशी घेतली: पाचवी आणि चौथी तार प्रत्येकी दोन अर्धस्वर (एक अर्धस्वर म्हणजे गिटारच्या एका पडद्याइतके अंतर) आणि तिसरी एक अर्धस्वर चढवली, की मोकळ्या सहा तारा छेडताच पूर्ण कॉर्ड वाजते आणि डाव्या हाताला सुरावटीपुरतेच काम उरते. या जुळणीसाठी त्यांनी शिकवणीचे पुस्तक आणि अनेक छोट्या रचना लिहिल्या, आणि पुष्कळशा स्वतःच प्रकाशित केल्या. विद्यार्थी, पुस्तक आणि रचना यांचे उत्पन्न एकमेकांना धरून होते.

म्हणूनच वादन सोडण्याचा विचार मला पटत नाही. या वाद्यावर कोणते स्वर एकाच वेळी बोटांखाली येतात आणि कोणती तार किती वेळ घुमत राहते, हे कागदावरून कळत नाही. ते हातालाच कळते. तिने बारावी पूर्ण करावी, आठव्या ग्रेडपर्यंत जावे आणि त्यानंतर ट्रिनिटीच्या एटीसीएल या पदविकेची तयारी करावी. स्टाफ नोटेशन (पाच रेघांवरील पाश्चात्त्य स्वरलेखन) आणि हार्मनी (स्वरांचा मेळ) यांचा अभ्यास मात्र आजपासूनच नेटाने हवा. शिकवण्यातून मिळणारे उत्पन्न दुय्यम आहे, असे आपण कृपया तिला भासवू नये.

येत्या सुट्टीत तिने ओळखीतील एखाद्या नवशिक्या मुलासाठी सोळा मात्रांची एक रचना लिहावी, त्याच्याकडून ती वाजवून घ्यावी आणि तो जेथे अडेल तेथे पुन्हा लिहावी. दोन्ही कागद, पहिला आणि सुधारलेला, मला अवश्य पाठवावेत.