फिनलंडचा जुना नट ताउनो पालो याची कारकीर्द समजून घ्यायची असेल, तर त्याचे चित्रपट कोणत्या क्रमाने पाहावेत?

तुम्ही विचारलंय की 'कुल्कुरिन वाल्सी' हा चित्रपट पाहिला, ताउनो पालो आवडला, आता पुढे काय पाहावं. माझं मत स्पष्ट आहे: निस्कावुओरी या शेतकरी घराण्याच्या कथेवरचे चित्रपट घ्या. फक्त प्रेमपट पाहत राहिलात तर हा एक देखणा, गाणारा नायक होता एवढंच हाती लागेल.

आधी थोडी पार्श्वभूमी. पालोचा जन्म 1908 चा, हामेन्लिन्नाचा. मूळ आडनाव ब्रेन्नास. 'याकारिन मोर्सियान' (1931) हा त्याचा पहिला चित्रपट. 1932 पासून तो हेलसिंकीच्या राष्ट्रीय रंगभूमीचा नट होता, आणि त्याच्या कामाचं खरं गमक इथेच आहे. त्या काळी फिनलंडमधल्या बहुतेक नटांचं पोट नाटक कंपनीच्या पगारावर चाले. उन्हाळ्यात थिएटरं बंद असत आणि रात्रीही उजेड असे, म्हणून बाहेरची चित्रीकरणं त्याच महिन्यांत उरकली जात. त्या चित्रपटांत शेतं, तळी आणि लख्ख ऊन एवढं का दिसतं, त्याचं एक कारण हेही आहे.

आन्सा इकोनेनबरोबरची त्याची जोडी दिग्दर्शक वालेन्तिन वालाच्या 'काइक्की राकास्तावात' (1935) पासून जमली. दोघांचा संसार फक्त पडद्यावरचा, प्रत्यक्षात ते नवरा-बायको नव्हते. 'कुल्कुरिन वाल्सी' 1941 च्या जानेवारीत लागला. सोव्हिएत संघाशी झालेलं हिवाळी युद्ध संपून वर्षही झालं नव्हतं आणि त्याच्याशीच पुढचं युद्ध जूनमध्ये सुरू व्हायचं होतं. द्वंद्वयुद्धानंतर भटक्याच्या वेशात पळालेला सरदार, सर्कस, वाल्ट्झ: दिग्दर्शक आणि चित्रपट कंपनीचा प्रमुख टी. जे. सार्क्का याने लोकांना नेमकं हवं ते दिलं. गाणी पालोने स्वतः गायली आहेत.

आता निस्कावुओरी. हेल्ला वुओलियोकीच्या नाटकांवरचे हे चित्रपट एका मोठ्या शेतकरी घराण्याचे आहेत. पालोसाठी क्रम असा ठेवा: 'निस्कावुओरेन नाइसेत' (1938), 'लोविसा' (1946), 'निस्कावुओरेन आर्ने' (1954). पहिल्यात तो आर्ने आहे, घरचा वारस. लग्न झालेलं असूनही गावातल्या शिक्षिकेच्या, इलोनाच्या प्रेमात पडतो आणि वाड्याचा वारसा सोडून जातो. 'लोविसा'मध्ये तोच पालो आर्नेचा बाप, युहानी, झालाय. शेतासाठी पैसेवाली बायको करतो, जीव मात्र दूध काढणाऱ्या माल्विनावर. तिसऱ्यात पुन्हा आर्ने, पण आता पंचेचाळिशीचा. मुलगा, मग बाप, मग पुन्हा तोच मुलगा, असा सोळा वर्षांचा पट एकाच नटाच्या चेहऱ्यावर पाहायला मिळणं दुर्मीळच. कथेच्या काळानुसार 'लोविसा' आधी पाहायचा मोह होईल, पण तसं करू नका. 1938 चा आर्ने आधी डोळ्यांत असेल, तरच युहानीचा दुबळेपणा मुलात कुठून उतरला ते कळतं.

'लोविसा' पाहताना पालो बोलत नसताना काय करतो तिकडे लक्ष द्या. निर्णय बायको घेते, हा बाजूला उभा असतो, आणि नायकाचा रुबाब हळूहळू उतरत जातो. लोकप्रिय नायकाने स्वतःला एवढं लहान होऊ देणं मला फार मोठं काम वाटतं.

पहिले दोन वालाने सुओमी-फिल्मी या कंपनीसाठी केले, तिसरा एदविन लाइनेने सार्क्काच्या कंपनीसाठी, त्यामुळे तिसऱ्याचा सूर वेगळा लागेल. शोधताना वर्ष नक्की तपासा. 'निस्कावुओरेन नाइसेत' वालानेच 1958 मध्ये पुन्हा काढला आणि त्यात आर्ने दुसराच नट आहे. पालो शोधायला गेलेले हमखास तिथे फसतात. फिनलंड द्विभाषिक देश असल्याने बऱ्याच चित्रपटांना स्वीडिश नावही असतं, म्हणजे वेगळं नाव दिसलं तरी चित्रपट तोच असू शकतो. खात्रीसाठी एलोनेट हा तिथल्या राष्ट्रीय दृक्‌श्राव्य संस्थेचा डेटाबेस वापरा. पूर्ण श्रेयनामावली तिथे मिळते. फिनिश नभोवाणीच्या येले आरेनावरचे बरेच चित्रपट देशाबाहेरून उघडत नाहीत, तेव्हा इंग्रजी उपशीर्षकं असलेली डीव्हीडी मिळते का ते आधी पाहा.

साठच्या दशकात चित्रपट कंपन्यांची ही व्यवस्थाच कोसळली. टीव्ही आला, 1963 ते 1965 नटांच्या संघटनेने चित्रपटांवर संप केला, आणि 1965 मध्ये सार्क्काची कंपनी दिवाळखोरीत गेली. त्या काळातले चित्रपट फार शोधत बसू नका, पालोचं महत्त्वाचं काम त्याआधीचं आहे.