बेंटोनाइट माती इतकं पाणी कसं शोषते आणि ती नेमकी कुठे वापरतात?

ज्वालामुखीची राख बदलत जाऊन ही माती तयार होते. तिच्यातलं मुख्य खनिज म्हणजे मॉन्टमोरिलोनाइट. त्याचे अतिशय पातळ थर एकावर एक असतात आणि त्यांच्यावर ऋण प्रभार असतो. मधल्या फटीत सोडियम किंवा कॅल्शियमचे आयन बसलेले असतात. पाणी तिथे शिरलं की थर दूर सरकतात आणि माती फुगते. सोडियमवाली जास्त फुगते, कॅल्शियमवाली बेताचीच.

सगळ्यात भारी उपयोग तेलविहिरी खणताना होतो. पाण्यात कालवलेलं बेंटोनाइट ढवळत राहिलं तर पातळ वाहतं, थांबवलं की जेलीसारखं घट्ट होतं. त्यामुळे हे मिश्रण विहिरीत फिरवणारा पंप बंद पडला तरी खडकाचा चुरा तळाशी न बसता मध्येच लटकून राहतो. पंप सुरू केला की पुन्हा पातळ!

तळी आणि कचरा डेपोंच्या तळाला गळती थांबवायला, ओतकामात वाळूचे साचे बांधून ठेवायला, वाईन नितळ करायलाही ती चालते. आम्लाची प्रक्रिया केलेली माती खाद्यतेलाचा रंग काढते.

मांजराच्या लिटरमध्येही (शी-शूसाठी ठेवतात त्या मातीतही) बहुधा हीच असते. ओल लागली की गोळा होतो, तेवढाच उचलून टाकायचा. पण संडासात नको, पाइपात फुगून बसते.

चेहऱ्याला लावून तेलकटपणा कमी होतो, ठीक आहे. ‘डिटॉक्स’ म्हणून पिण्याच्या फंदात मात्र पडू नका. नैसर्गिक मातीत शिसं असू शकतं, शिवाय ती पोटातली औषधंही शोषून घेऊ शकते.