न लागणारी किल्ली

राजापूरच्या ताई,

चार पानी पत्र मिळालं. तुम्ही एकसष्ट वर्षांच्या, एकट्या. आळीतली सात घरं बंद, माणसं मुंबईला, किल्ल्या तुमच्याकडे. तिन्हीसांजेला घरोघरी दिवा लावता, पावसाआधी कौलं शाकारून घेता, जवाहर चौकात पुराचं पाणी चढलं की लोकांचे देव आणि ट्रंका माळ्यावर नेता. भाऊ डोंबिवलीला बोलावतोय, पण ‘मी गेले तर या गावाची आठवण कोण ठेवणार?’

ते राहू दे. तिसऱ्या पानावर कंसात एक ओळ लिहिलीत: ‘(कोपऱ्यावरच्या घराची किल्ली हल्ली लागत नाही. गेल्या गणपतीत त्यांनी कुलूप बदललं वाटतं.)’

वाटतं? म्हणजे इतके महिने त्या घराचा दिवा तुम्ही बाहेर ओटीवर लावताय, ती किल्ली अजून जुडग्यात आहे, आणि फोन करून विचारलंही नाहीत! विचारलं असतं, तर ‘अहो, तुम्हाला कशाला उगाच त्रास’ असं ऐकावं लागलं असतं. त्याचीच धास्ती आहे तुम्हाला. म्हणून तर चार पानं गावावर आणि ही एक ओळ कंसात.

गाव तुमच्या तेलावातीने थांबणारं नव्हतं हो. रत्नागिरी जिल्ह्यात २००१ साली १६,९६,७७७ माणसं होती, २०११ साली १६,१५,०६९. गिरण्या बुडाल्या तरी चाकरमानी मुंबईलाच राहिला. १९९८ साली कोकण रेल्वे पुरी झाली. गणपतीला येणं सोपं झालं, तसं जाणंही.

कुलूप बदलणाऱ्यांवर माझा राग नाही. घर त्यांचं. सांगितलं नाही, एवढा कोडगेपणा मात्र खरा. तुमचा राग येतोय. न लागणारी किल्ली कमरेला बाळगून तुम्ही राखणदार म्हणवता.

या गणपतीत त्यांच्याकडे आरतीला जा. प्रसाद वाटून झाला, सगळे बसले, की ती एक किल्ली जुडग्यातून काढून घरधन्याच्या हातात द्या. ‘ही आता लागत नाही’ एवढंच म्हणा. पुढे सारवासारव करायची नाही, चहाचं विचारायचं नाही. त्यांनी नवी पुढे केली, तरी ‘ताई, ठेवाल का?’ हे त्यांच्या तोंडून ऐकल्याशिवाय हात पुढे करू नका.

डोंबिवलीचं विसर्जनानंतर लिहा.