ख्रिस्तपुराण कोणी टिकवले?

प्रश्न : इंग्रज जेझुइट धर्मगुरू फादर थॉमस स्टीफन्स यांचे ‘ख्रिस्तपुराण’ हे बायबलमधील कथा सांगणारे मराठी काव्य १६१६ साली छापले गेले, तरी त्या छपाईची एकही प्रत आज सापडत नाही, असे वाचले. मग हा ग्रंथ आपल्यापर्यंत आला कसा?

उत्तर : गोव्यातील राशोल येथे रोमन लिपीत छापलेल्या या ओवीबद्ध ग्रंथाच्या १६४९ आणि १६५४ सालच्या आवृत्त्यांचीही तीच गत झाली. १६८४ मध्ये पोर्तुगीज सत्तेने स्थानिक भाषेच्या वापराविरुद्ध फर्मान काढल्यावर तो तगला तो भाविकांनी हाताने उतरवून घेतलेल्या आणि घराघरांत वाचल्या जाणाऱ्या पोथ्यांमुळे. अशाच हस्तलिखितांवरून जोसेफ साल्ढाणा यांनी १९०७ मध्ये मंगळुरात रोमन लिपीतली आवृत्ती सिद्ध केली. मोठ्या प्रकाशनसंस्थेचे पाठबळ नसताना झालेले हे काम मला आजही थोर वाटते. देवनागरीत ग्रंथ आला तो १९५६ मध्ये, शांताराम बंडेलू यांच्या संपादनाने, पुण्याच्या प्रसाद प्रकाशनाकडून. पुढे लंडनमधील मार्सडन संग्रहातल्या (विल्यम मार्सडन यांनी जमवलेल्या ग्रंथसंग्रहातल्या) देवनागरी हस्तलिखितावर आधारलेली कारिदाद द्रागो यांची आवृत्ती १९९६ मध्ये निघाली. या हस्तलिखितातील भाषा मंगळुरी पाठापेक्षा अधिक संस्कृतप्रचुर असल्याने स्टीफन्स यांचे मूळ शब्द कोणते, हा वाद रंगला, आणि तो अद्याप मिटलेला नाही. ओव्या अवघड वाटत असल्यास फादर नेल्सन फाल्कांव यांचे, बंगळुरूच्या ख्रिस्तु ज्योती प्रकाशनाने २००९ मध्ये काढलेले आधुनिक मराठी भाषांतर आधी वाचावे.