साठ-सत्तरच्या दशकातला बंडखोर तरुणाईचा काळ खरंच इतका भारी होता का?

तुम्ही विचारलंय की हिप्पी, पॅरिसचे विद्यार्थी, आपल्याकडचं गुजरातचं नवनिर्माण आंदोलन, जयप्रकाश नारायण म्हणजे जेपींची चळवळ हे सगळं वाचून आणि ते ब्लॅक अँड व्हाइट फोटो बघून वाटतं की आपण चुकीच्या काळात जन्मलो, तर ज्यांनी तो काळ पाहिलाय त्यांनी सांगावं. मी बडोद्याची, दांडिया बाजारात वाढले, १९७४ ला नववीत होते आणि दादा तेव्हा एम. एस. युनिव्हर्सिटीत होता, त्यामुळे नवनिर्माण आमच्या घरातूनच ये-जा करत होतं म्हणा ना. तो काळ मोठा होता, खोटा अजिबात नव्हता. पण आज त्याच्या ज्या आठवणी आपण ऐकतो त्या बहुतेक ज्यांना फार काही गमवावं लागलं नाही त्यांनी सांगितलेल्या आहेत, आणि मला हे मनापासून खटकतं.

नवनिर्माणची सुरुवात अहमदाबादला झाली. एल. डी. इंजिनिअरिंग कॉलेजच्या होस्टेलमध्ये मेसचं बिल वीस टक्के वाढवलं म्हणून डिसेंबर १९७३ मध्ये मुलांनी संप केला. आज ऐकायला किरकोळ वाटेल, पण तेव्हा महागाई कशी होती ते घर चालवणाऱ्यालाच माहीत, सिंगतेल म्हणजे शेंगदाण्याचं तेल पावशेर-पावशेर आणायचे दिवस आले होते, रॉकेलच्या रांगेत आम्हा मुलींना शाळेआधी उभं करायचे. १० जानेवारीला अहमदाबाद आणि बडोद्यात बंद झाला, संक्रांत चार दिवसांवर होती, आणि दोन दिवस दंगल चालली. पुढे सगळं गुजरात पेटलं, ९ फेब्रुवारीला मुख्यमंत्री चिमणभाई पटेलांनी राजीनामा दिला आणि मार्चमध्ये विधानसभाही गेली. प्रचंड बहुमतातलं सरकार कॉलेजच्या पोरांनी घालवलं! दादा त्या दिवशी घरी आला तेव्हा त्याचा चेहरा कसा होता ते मला अजून दिसतं, त्याच्यातला आनंद खरा होता आणि त्याला मी कधीच कमी लेखणार नाही.

पण त्याच अडीच-तीन महिन्यांत कमीत कमी शंभर माणसं मेली, हजारो जखमी झाली, आणि हे गेट-टुगेदरला कोणी सांगत नाही. आमदारांच्या घराला घेराव घालून राजीनामे लिहून घेतले जायचे, ते तर आजही हसत सांगतात. त्या घरांतही बायका-मुलं होतीच की. आणि आमच्या वाड्यात आंदोलनातला बायकांचा वाटा काय, तर गॅलरीत उभं राहून थाळी वाजवायची, मग आत जाऊन मोर्चातून येणाऱ्यांसाठी चहा टाकायचा. मला मोर्चात जायचं होतं, आई म्हणाली मुलींचं काम नाही, आणि दादा, जो दिवसभर अन्यायावर बोलायचा, तोही हेच म्हणाला. शहरात काही मुली बाहेर पडल्या होत्या, पण आमच्यासारख्या घरांत बंड उंबऱ्यापर्यंतच होतं.

पुढचं पण ऐका. जून १९७५ ला निवडणूक झाली, विरोधी पक्षांच्या जनता मोर्चाचे बाबूभाई पटेल मुख्यमंत्री झाले, आणि त्यांना टेकू कोणाचा, तर चिमणभाईंच्याच नव्या पक्षाच्या आमदारांचा. १९९० ला तर चिमणभाई परत मुख्यमंत्री झाले. मग १९८१ मध्ये अहमदाबादच्या बी. जे. मेडिकल कॉलेजमधून आरक्षणविरोधी आंदोलन सुरू झालं, ८५ ला परत मोठ्या प्रमाणात. पुन्हा विद्यार्थी, पुन्हा बंद, पुन्हा रस्त्यावर जाळपोळ, फक्त या वेळी राग दलितांवर आणि मागासांवर होता. दादाच्या ग्रुपमधले काहीजण, नवनिर्माणात पुढे असलेले, या वेळी कोणाच्या बाजूने बोलत होते ते मी जेवणाच्या ताटावर ऐकलंय. तरुण पोरं रस्त्यावर आली म्हणजे ती बरोबरच असणार असं जे तुमच्या प्रश्नात गृहीत धरलंय ना, ते मला तेव्हापासून पटत नाही.

आता १९७४ मधल्याच दोन गोष्टी सांगते ज्यांची नॉस्टॅल्जिया कोणी करत नाही.

एक म्हणजे मे महिन्यातला रेल्वे संप. पुढारी जॉर्ज फर्नांडिस, ८ मे ते २७ मे, देशभरात सतरा लाखांच्या आसपास कामगार. बडोदा रेल्वेचं गाव आहे, त्यामुळे आम्हाला ते पेपरात वाचावं लागलं नाही. देशभर हजारोंना अटक झाली, हजारोंच्या नोकऱ्या गेल्या, क्वार्टरमधून कुटुंबंच्या कुटुंबं बाहेर काढली. आईच्या ओळखीच्या एक बाई होत्या, नवरा रेल्वेत खलाशी म्हणजे मजूर, संपात गेला आणि कामावरून गेला. त्या आमच्याकडून ब्लाऊज शिवायला न्यायच्या, आणि नंतर नंतर आई मुद्दाम जुने ब्लाऊज उसवून परत शिवायला द्यायची, हे मला फार उशिरा कळलं. तीन वर्षं ते घर त्या मशीनवर चाललं. ७७ ला जनता सरकार आलं, आपले मधू दंडवते रेल्वेमंत्री झाले आणि काढलेल्यांना परत घेतलं, तेव्हा तो माणूस कामावर गेला. पण मधल्या काळात थोरल्या मुलीची शाळा सुटली होती, ती काही परत सुरू झाली नाही. जानेवारीत सरकार हलवणाऱ्या मुलांचा मे महिन्यात या लोकांसाठी एकही मोर्चा निघाल्याचं मला आठवत नाही, सुट्टी होती हेही खरं, पण तरी.

दुसरी गोष्ट, त्याच वर्षी अहमदाबादला सेवा या कष्टकरी बायकांच्या संघटनेतल्या बायकांनी स्वतःची बँक काढली. इला भट्टांनी १९७२ ला सेवा सुरू केलेली, भाजी विकणाऱ्या, डोक्यावरून माल वाहणाऱ्या, जुने कपडे विकणाऱ्या बायका, यांना कुठली बँक दारात उभं करत नव्हती म्हणून चार हजार बायकांनी दहा-दहा रुपये घालून शेअर घेतले. सह्या येत नव्हत्या बहुतेकींना. ८१ ला आरक्षणाच्या वादात इला भट्ट दलितांच्या बाजूने बोलल्या म्हणून सेवा ज्या मजूर संघटनेतून निघाली तिनेच सेवाला बाहेर काढलं, तरी त्या हटल्या नाहीत. ती बँक आजही चालू आहे. मला विचाराल तर त्या दशकातलं खरं बंड हे होतं, पण खातं उघडायला आलेल्या बाईच्या फोटोला बेलबॉटम आणि मशालीची मजा नसते.

आमच्या गावाचं अजून एक, कारण बडोदा म्हटलं की लोक फाइन आर्ट्स फॅकल्टीचं नाव काढतात आणि म्हणतात तिथे किती मोकळं वातावरण होतं तेव्हा. होतं, बऱ्यापैकी. चित्रकार भूपेन खख्खर आणि गुलाममोहम्मद शेख १९६९ पासून 'वृश्चिक' नावाचं मासिक काढत होते, बेधडक लिहायचे. पण तेच भूपेनभाई, समलिंगी असल्याचं उघडपणे चित्रांत आणू शकले ते ८० च्या दशकात, पन्नाशीजवळ आल्यावर. आणि कायद्याने तो गुन्हा नाही हे सुप्रीम कोर्टाने म्हटलं २०१८ ला, तोवर ते जाऊन पंधरा वर्षं झाली होती. मोकळ्यातल्या मोकळ्या जागीही माणसाला इतकं थांबावं लागलं, तर बाकीच्यांचं काय असेल बघा.

परदेशातलं मी नंतर वाचलंय, त्यामुळे थोडक्यात. पॅरिस ६८ च्या मे महिन्यात पेटलं आणि जूनमध्ये, ज्यांच्याविरुद्ध ते पेटलं त्या राष्ट्राध्यक्ष द गॉलच्याच पक्षाला दणदणीत बहुमत मिळालं. अमेरिकेत तो सगळा फुलांचा आणि गाण्यांचा काळ, आणि त्याच ६८ ला त्या तरुणाईला न मानणारे निक्सन राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आले, ७२ ला तर पन्नासपैकी एकोणपन्नास राज्यांतून. म्हणजे बहुसंख्य लोक त्या फोटोत नव्हतेच, घरी होते, आणि घाबरलेले होते.

चुकीच्या काळात जन्मलात असं तर मला बिलकुल वाटत नाही. तुम्ही मुलगी असाल, दलित असाल, गे असाल, तर आजच्या अडचणी कितीही असल्या तरी त्या काळात जाऊ नका असंच मी सांगेन. आणि तो काळ समजून घ्यायचाच असेल तर माजी विद्यार्थी नेत्यांच्या मुलाखतींवर थांबू नका. बडोद्याला प्रतापनगरच्या बाजूला ७४ च्या संपातले रेल्वेवाले अजून आहेत, ऐंशीच्या पुढचे, त्यांना भेटा, आणि त्यांच्या बायकांना आधी बोलू द्या, कारण घर कसं चाललं ते त्यांनाच माहितीये.